54 नावांचा हिशेब द्या, मगच व्यासपीठावर चढा

शिरूर आणि दौंड या दोन तालुक्यांतून मतं घेतलेल्या, घेणाऱ्या आणि पुढे घेऊ पाहणाऱ्या सर्व पुढाऱ्यांना हा जाहीर इशारा आहे. मुदत येत्या 16 डिसेंबरच्या संध्याकाळपर्यंत. तो विजय दिवस. 1971 साली याच दिवशी ढाक्यात जनरल नियाझीने शरणागतीच्या कागदावर सही केली. त्या दिवशी तुम्ही माजी सैनिकांना शाल-श्रीफळ देता, फोटो काढून घेता आणि माईक हातात आला की '93 हजार पाकिस्तानी गुडघ्यावर आणले' हे वाक्य हमखास म्हणता. यंदा ते म्हणायचं असेल तर एका प्रश्नाचं उत्तर खिशात घेऊन या. ते 93 हजार आपापल्या घरी गेले. आपले 54 कुठे आहेत?

उत्तर नसेल तर व्यासपीठावर चढू नका. चढलात तर मी काय करणार आहे ते पुढे लिहिलंय. पण आधी प्रकरण समजून घ्या. तुमच्यातल्या अनेकांना ते ठाऊक नाही, आणि ज्यांना ठाऊक आहे त्यांनी त्याचं भिजत घोंगडं ठेवलं.

युद्ध थांबलं तेव्हा सुमारे 93,000 पाकिस्तानी आपल्या ताब्यात होते. त्यात गणवेशातले होते तसे मुलकीही. जवळजवळ सगळे पूर्वेकडचे. पश्चिम आघाडीवर दोन्ही बाजूंना शेकड्यांत मोजावेत एवढे कैदी होते. त्यांची अदलाबदल 1 डिसेंबर 1972 ला वाघ्याला झाली. त्या दिवशी सीमा ओलांडून आलेल्यांत फ्लाइट लेफ्टनंट दिलीप परुळकर होते. पुढे ते पुण्यात राहिले, 2025 च्या ऑगस्टमध्ये वारले. या माणसाने 13 ऑगस्ट 1972 च्या रात्री रावळपिंडीच्या छावणीची भिंत फोडून ग्रेवाल आणि हरीश सिंहजी या दोन सोबत्यांसह पळ काढला होता. तिघे पेशावर गाठून खैबर खिंडीत शिरले. अफगाण सीमा हाकेच्या अंतरावर असताना लंडी कोतलला पकडले गेले, कारण त्यांनी 'लंडी खाना' या स्टेशनची वाट विचारली आणि ते स्टेशन इंग्रजांच्या काळातच बंद पडलं होतं. जुन्या नकाशाने घात केला. दौंडसारख्या जंक्शनच्या माणसाला या चुकीची हळहळ जरा जास्तच वाटावी.

परुळकरांची गोष्ट आपण आवडीने सांगतो, कारण ती घरी येऊन संपते. त्या 54 बेपत्ता सैनिकांची संपलेली नाही.

पूर्वेकडच्या कैद्यांचं घोडं मात्र शरणागतीनंतर वीस महिने अडलं. 2 जुलै 1972 चा सिमला करार झाला, त्यात त्यांचा प्रश्न सुटला नाही. मग 28 ऑगस्ट 1973 चा दिल्ली करार झाला, सप्टेंबरपासून माणसं वाघ्याकडे जाऊ लागली आणि 30 एप्रिल 1974 ला खुद्द नियाझी पलीकडे गेला. अडण्याचं कारण असं की बांगलादेशाला त्यातल्या 195 जणांवर युद्धगुन्ह्यांचे खटले चालवायचे होते. पाकिस्तानने बांगलादेशाला मान्यताच दिली नव्हती, आणि त्यांच्याकडे असंख्य बंगाली अडकून पडले होते. आमच्या लोकांवर खटले भराल तर आम्हीही तुमच्यांवर भरू, अशी उघड धमकी होती. पाकिस्तान हे भांडण मे 1973 मध्ये हेगच्या न्यायालयात घेऊन गेला आणि डिसेंबरात मागे घेऊन आला. शेवटी 9 एप्रिल 1974 च्या तिन्ही देशांच्या करारात ते 195 जणही सुटले.

मला विचाराल तर त्या 195 जणांना बिनखटल्याचं सोडणं हा बांगलादेशातल्या मेलेल्यांवर अन्याय होता. आणि ज्यांच्यावर कुठलाही आरोप नव्हता अशा हजारो साध्या शिपायांना दोन वर्षांहून जास्त काळ तारांच्या कुंपणात बसवणं हेही आपल्या लौकिकाला शोभणारं नव्हतं. लढाई थांबली की कैद्यांना विलंब न लावता सोडून परत पाठवा, असं 1949 च्या तिसऱ्या जिनिव्हा कराराचं 118 वं कलम सांगतं. आपली बाजू अशी होती की शरणागती भारत आणि बांगलादेश यांच्या संयुक्त फौजेपुढे झाली, तेव्हा ढाक्याच्या संमतीशिवाय सोडता येत नाही. बाजू अगदीच पोकळ नव्हती. पण ती सोयीची होती, हेही खरं.

दोन्ही वाटा वाईट असताना एक निवडावी लागते, हे मी समजू शकतो. समजू शकत नाही ते पुढचं.

शेवटचा पाकिस्तानी कैदी 1974 च्या एप्रिलमध्ये गेला. आपल्या बेपत्ता सैनिकांची नावं सरकारने लोकसभेत मांडली 1979 साली. पाच वर्षांनी. तेव्हा हातात ना कैदी होते ना करार व्हायचा होता. पुढे ती यादी 54 वर येऊन थांबली. आता सरकारी उत्तरांत वेगवेगळ्या काळातले मिळून 83 बेपत्ता, त्यात 1971 चे 54, असा आकडा येतो. पाकिस्तानचं म्हणणं एकच आहे, आमच्याकडे कुणी नाही.

यादी काढून वाचा. त्यात फ्लाइट लेफ्टनंट विजय वसंत तांबे आहेत, रमेश गुलाबराव कदम आहेत, श्रीकांत चंद्रकांत महाजन आहेत. आपल्याकडच्या कुठल्याही गावच्या मतदारयादीत शोभतील अशी नावं. तांब्यांचं विमान डिसेंबर 1971 च्या पहिल्या आठवड्यात पाकिस्तानात पडलं. त्याच सुमाराला तिथल्या 'संडे पाकिस्तान ऑब्झर्व्हर'ने जिवंत पकडलेल्या भारतीय वैमानिकांची बातमी दिली, त्यात एक नाव होतं 'टॉम्बे'. अक्षरं चुकली होती, पण त्या आडनावाचा दुसरा वैमानिक आपल्या हवाई दलाने शोधून दाखवला नाही. त्यांची पत्नी दमयंती तांबे राष्ट्रीय बॅडमिंटन विजेती, अर्जुन पुरस्काराची मानकरी. लग्नाला दोन वर्षंही झाली नव्हती. खेळ सुटला आणि उरलेलं आयुष्य अर्ज, निवेदनं आणि मंत्र्यांची दारं यांत गेलं.

मेजर अशोक सुरींचं आणखी पुढचं. लष्कराने त्यांना आधी युद्धात ठार झालेल्यांत धरलं होतं. मग वडिलांना पाकिस्तानातून निघालेली त्यांच्या हातची चिठ्ठी मिळाली, आणि 1975 साली कराचीहून दुसरी आली, आम्ही इथे वीस अधिकारी आहोत, सरकारला सांगा, अशा आशयाची. हस्ताक्षर तपासलं गेलं, सुरींचंच निघालं. सरकारने कागदावर 'ठार' खोडून 'बेपत्ता' लिहिलं. बापाच्या हातात लेकाची चिठ्ठी आली आणि सरकारच्या हातून एक शब्द बदलला गेला, एवढीच काय ती प्रगती. मेजर ए. के. घोष यांचं तर छायाचित्र होतं. 27 डिसेंबर 1971 च्या 'टाइम' साप्ताहिकात गजांआडचा एक भारतीय कैदी छापून आला आणि घरच्यांनी चेहरा ओळखला.

1983 मध्ये काही नातेवाईक मुलतानच्या तुरुंगात जाऊन आले. 2007 च्या जूनमध्ये 14 नातेवाईक पाकिस्तानातल्या अनेक तुरुंगांत फिरून आले. दोन्ही वेळा रिकाम्या हातांनी. 2011 साली गुजरात उच्च न्यायालयाने केंद्राला हा प्रश्न आंतरराष्ट्रीय न्यायालयात नेण्याचा आदेश दिला, त्याला सर्वोच्च न्यायालयात स्थगिती मिळाली. दोन्ही देशांच्या निवृत्त न्यायाधीशांची एक समिती तुरुंग पाहण्यासाठी नेमली होती, ती 2013 नंतर हललेली नाही.

आपल्या दोन्ही तालुक्यांत ऊस आहे. कारखान्याच्या काट्यावर गाडी रिकामी केली की वजनाची पावती हातात पडल्याशिवाय कुणी मोळी बांधायचा दोरसुद्धा गुंडाळत नाही. दिल्लीने 93 हजार माणसं उतरवून दिली आणि 54 ची पावती मागायची राहून गेली. ज्यांनी मागायला हवी होती त्यांचे वारस आज तुमच्या पक्षांत आहेत. सगळ्याच पक्षांत. म्हणून हा इशारा कुठल्याही एका झेंड्याला नाही.

इथे तुमच्यातला एखादा उठून म्हणेल की म्हणूनच आम्ही म्हणतो, कैदी सोडायचेच नव्हते. शिमल्यात जिंकलेलं हरलो. एकाच्या बदल्यात हजार ठेवायचे होते. पारावर, चहाच्या गाड्यावर, फ्लेक्सवर हेच ऐकू येतं. हे बोलणाऱ्यांना माझा दुसरा इशारा आहे आणि तो पहिल्याइतकाच कडक आहे. माणसाला ओलीस ठेवून माणूस मागायची भाषा या मातीत करू नका. या मातीने ती भोगलेली आहे.

दौंडहून भीमेच्या कडेने खाली जा, पलीकडच्या काठावर पेडगावचा बहादूरगड लागतो. संगमेश्वराला 1 फेब्रुवारी 1689 ला पकडलेल्या संभाजी महाराजांना तिथे आणलं, उंटावरून धिंड काढली. 11 मार्चला भीमा-इंद्रायणीच्या काठी त्यांना मारलं. त्यांची समाधी शिरूर तालुक्यातल्या वढू बुद्रुकला आहे. हे तुम्ही जाणता, तिथे तुम्ही दरवर्षी माथा टेकता. पण त्याच घराण्यातले दोन कैदी तुम्ही भाषणात क्वचित घेता. त्याच वर्षी रायगड पडला आणि येसूबाई व बाळ शाहू मोगलांच्या छावणीत गेले. औरंगजेब 1707 मध्ये नगरला मेला. त्याचा मुलगा आझमशहा तख्तासाठी उत्तरेला निघाला आणि वाटेत त्याने शाहूला सोडलं. दया आली म्हणून सोडलं नाही. शाहू दक्षिणेत गेला की ताराबाई आणि तो एकमेकांत भिडतील, मराठे आपसात गुंततील, हा हिशोब होता. तो बरोबर निघाला. त्याच वर्षी ऑक्टोबरात खेडला, म्हणजे आजच्या राजगुरुनगरजवळ, दोन्ही बाजूंचे मराठे समोरासमोर आले. आणि शाहूने सरळ वागावं म्हणून त्याची आई मागे ठेवून घेतली. येसूबाई परत आल्या 1719 मध्ये, बाळाजी विश्वनाथाच्या दिल्ली मोहिमेनंतर. तीस वर्षांची कैद. नवरा मारला गेला, मुलगा छत्रपती झाला आणि ही बाई कुणाच्या तरी पटावरची सोंगटी म्हणून बसून राहिली.

ज्यांना वढूला जायचंय त्यांनी ओलीस ठेवण्याचं कौतुक करू नये. दोन्ही एका तोंडाने होत नाही.

सौदा आणि हिशेब यांत फरक आहे, आणि माझं सगळं म्हणणं एवढ्यावर उभं आहे. तुझा माणूस तेव्हाच सोडीन जेव्हा तू मला अमुक प्रदेश देशील, तमुक कबूल करशील, हा सौदा. तुझी माणसं ही घे, मोजून घे, सही कर, आणि माझ्या प्रत्येक माणसाचं काय झालं ते नाव घेऊन सांग, जिवंत असेल तर दाखव, मेला असेल तर कुठे पुरला ते दाखव, हा हिशेब. 1973-74 मध्ये सौदे भरपूर झाले. हिशेब झाला नाही.

सौद्याला अंत नसतो, हे नगरमध्येही दिसलं होतं. शिरूरची घोडनदी ओलांडली की नगर जिल्हा. बोअर युद्धात इंग्रजांनी पकडलेले दक्षिण आफ्रिकेतले हजारो शेतकरी हिंदुस्थानात आणून ठेवले, त्यांची एक मोठी छावणी नगरला होती. 31 मे 1902 ला तह झाला. घरी जायचं असेल तर इंग्लंडच्या राजाशी एकनिष्ठ राहण्याची शपथ घ्या, अशी अट घातली गेली. काहींनी ती घ्यायला साफ नकार दिला. युद्ध संपून दीड वर्ष झालं तरी ती माणसं इथेच. शेवटी 1903 च्या डिसेंबरात त्यांचाच सेनापती देला रे हिंदुस्थानात आला, समजूत घालायला. स्वतःच्या शेतावर परत जाण्यासाठी परक्या राजापुढे मान तुकवायची, आणि ते सांगायला ज्याच्या हाताखाली लढलो तोच माणूस पाठवायचा! साम्राज्याने घेतलेली ही किंमत तोफेपेक्षा कमी क्रूर नव्हती.

याच्या उलट एक प्रश्न आहे आणि तो आपल्या फ्लेक्सबहाद्दरांच्या डोक्यात कधी येतच नाही. कैद्यालाच परत जायचं नसेल तर?

याचं उत्तर शोधायचं काम 1953 साली एका मराठी माणसाच्या गळ्यात पडलं होतं. कोल्हापूरचे मेजर जनरल शंकरराव पांडुरंग पाटील थोरात. कोरियाचं युद्ध दीडेक वर्ष जवळपास याच एका मुद्द्यावर लांबलं. चीन आणि उत्तर कोरिया म्हणत होते, करार सांगतो तसे सगळे परत द्या. अमेरिका म्हणत होती, ज्यांना जायचं नाही त्यांना ढकलणार नाही. 1945 मध्ये दोस्तांनी हजारो रशियनांना स्टालिनच्या हवाली केलं होतं, काहींना रायफलच्या दस्त्यांनी गाडीत कोंबून, आणि पुढे त्यांचं काय झालं ते जगाला कळलं होतं. 27 जुलै 1953 ला युद्धविराम झाला आणि परत जायला नकार देणारे सुमारे 22,600 चिनी व कोरियन, तसेच दुसऱ्या बाजूचे 359 कैदी भारतीय फौजेच्या ताब्यात आले. तटस्थ राष्ट्रांच्या आयोगाचे अध्यक्ष जनरल थिमय्या, फौजेचे प्रमुख थोरात. दक्षिण कोरियाचे अध्यक्ष सिंगमन ऱ्ही भारतीय सैनिकाचा पाय आपल्या भूमीला लागू द्यायला तयार नव्हते, म्हणून आपल्या पलटणी बंदरातून हेलिकॉप्टरने उचलून मधल्या पट्ट्यात उतरवल्या गेल्या.

तिथे तंबू उभारले. प्रत्येक कैद्यासमोर त्याच्या देशाचा अधिकारी बसून सांगणार, घरी चल. ऐकून घेतल्यावर कैद्याने दोन दारांपैकी एक धरायचं. एक घरी नेणारं, एक न नेणारं. कागदावर याहून न्याय्य काय असेल? पण तंबूबाहेरच्या आवारात कैद्यांचे दादा होते. कम्युनिस्टविरोधी घोषणा अंगावर गोंदवलेले, परत जाऊ म्हणणाऱ्याला रात्रीतून गप्प करणारे. 25 सप्टेंबरला त्यांनी मेजर ग्रेवाल या आपल्या अधिकाऱ्यालाच आत ओढून धरलं. थोरात शस्त्र न घेता मोजक्या साथीदारांबरोबर त्या जमावात शिरले आणि बोलून त्याला बाहेर काढलं. गोळी चालवली असती तर शेकडो मेले असते. चालवायला निमित्त पुरेसं होतं.

शेवटी चिनी-कोरियन कैद्यांपैकी घरचं दार धरणारे निघाले 628. उरलेले तैवानला आणि दक्षिण कोरियात गेले. पलीकडच्या बाजूचे 21 अमेरिकन चीनमध्ये राहिले. आणि 88 जणांनी दोन्ही दारं नाकारली. ते आपल्या फौजेबरोबर 1954 मध्ये बोटीने मद्रासला आले. काही पुढे ब्राझील, अर्जेंटिनाला गेले, मोजके इथेच राहिले. त्यातल्या प्रत्येकाने मनापासूनच निवडलं का, याची खात्री थोरातांनाही देता आली नसती. विचारण्याची पद्धत सदोष होती. तरीही विचारलं गेलं. एवढं 1971 नंतर आपल्या कुणाला सुचलं नाही, ना त्यांच्या माणसांना विचारायचं, ना आपल्या माणसांविषयी विचारायचं.

आणि माणूस परत आला की काम संपतं, अशी समजूत असेल तर तीही काढून टाका. आझाद हिंद सेनेचे जवान कैदी म्हणून परत आले तेव्हा इंग्रजांनी त्यांची पांढरे, करडे, काळे अशी प्रतवारी केली. स्वातंत्र्य आलं तरी लष्कराने त्यांना परत घेतलं नाही. आपल्याच काळातलं बघा. धुळे जिल्ह्यातल्या बोरविहीरचा जवान चंदू चव्हाण 29 सप्टेंबर 2016 ला नियंत्रण रेषेपलीकडे गेला आणि पकडला गेला. बातमी ऐकून आजी गेली. 21 जानेवारी 2017 ला तो वाघ्याने परत आला, सत्कार झाले, आणि त्याच वर्षी लष्करी न्यायालयाने त्याला शिक्षा सुनावली. शिस्तीचा प्रश्न आहे, लष्कराला त्याचा अधिकार आहे, मी त्यात बोलणार नाही. पण ज्यांनी जानेवारीत त्याच्या गळ्यात हार घातले त्यातला एक तरी वर्षाअखेर त्याच्या दारात गेला होता का, एवढं मला विचारायचंय.

कैद्याला काय म्हणायचं यावरही त्याचा जीव टांगलेला असतो. कुलभूषण जाधव यांना पाकिस्तान हेर म्हणतो, युद्धकैदी नव्हे. म्हणून जिनिव्हाचं छत्र नाही. 25 डिसेंबर 2017 ला आई आणि पत्नी इस्लामाबादला भेटायला गेल्या, मध्ये काच होती. भेटीआधी मंगळसूत्र, बांगड्या, कुंकू उतरवायला लावलं. आईला लेकाशी मराठीत बोलू दिलं नाही, असं आपल्या परराष्ट्र खात्याने दुसऱ्या दिवशी जाहीर सांगितलं. 17 जुलै 2019 ला हेगच्या न्यायालयाने पाकिस्तानला त्यांच्या फाशीच्या शिक्षेचा फेरविचार करायला सांगितलं. तेव्हापासून काय झालं, हा प्रश्न आपल्यातल्या कितीजणांनी किती वेळा विचारला?

आता सामान्य लोकांना, म्हणजे तुम्हाआम्हाला. 27 फेब्रुवारी 2019 ला विंग कमांडर अभिनंदन पकडले गेले. त्यांचे रक्ताळलेले व्हिडिओ सीमेपलीकडून सुटले आणि तासाभरात आपल्या गावातल्या प्रत्येक ग्रुपवर होते. युद्धकैद्याचा तमाशा करू नये असं जिनिव्हाचं 13 वं कलम सांगतं. ते शत्रूने मोडलं, आणि आपण पुढे ढकललं. अभिनंदन तिकडे 'हे सांगता येणार नाही' म्हणत होते तेव्हा इकडच्या वाहिन्या त्यांच्या घरच्यांची माहिती दाखवत होत्या. पुढच्या वेळी, आणि पुढची वेळ येणारच आहे, कुणी असा व्हिडिओ माझ्या गावच्या ग्रुपवर टाकला तर मी त्याचं नाव त्याच ग्रुपवर घेईन. नातं बघणार नाही.

पुढाऱ्यांनो, तुमच्याकडे परत येतो. मागणी साधी आहे. शिरूर तालुका शिरूर लोकसभेत, दौंड बारामती लोकसभेत. म्हणजे या दोन तालुक्यांची दोन खासदारांवर सत्ता आहे. आमदार, झेडपी, पंचायत, नगरपरिषद, सगळ्यांनी आपापल्या खासदाराला लेखी पत्र द्यावं आणि त्याची प्रत जाहीर करावी. खासदाराने येत्या हिवाळी अधिवेशनात प्रश्न टाकावा. 54 पैकी प्रत्येक नावापुढे सरकारकडे शेवटची माहिती काय, ती कुठल्या कागदावर, पाकिस्तानला त्या नावाने शेवटचं कधी विचारलं. एकत्रित आकडा चालणार नाही, नावागणिक उत्तर हवं. दोन देश दर 1 जानेवारी आणि 1 जुलैला आपापल्या ताब्यातल्या कैद्यांच्या याद्या एकमेकांना देतात, 2008 च्या करारानुसार. येत्या 1 जानेवारीला दिल्लीने हे 54 नावांनिशी मागितले का, ते कळलं पाहिजे. न्यायाधीशांची समिती पुन्हा कधी फिरणार, तेही. यादीतला जो कुणी जिवंत असेल तो आज पंचाहत्तरीच्या पुढे, बरेच ऐंशीच्या घरात. बहुतेक जण राहिले नसतील. मला स्वप्नं विकायची नाहीत आणि तुम्हीही विकू नका. मेलेल्याचाही कागद असतो, तुरुंगाचं रजिस्टर असतं, खड्डा असतो. तो मागा.

16 डिसेंबरपर्यंत यातलं काहीच झालं नाही आणि तरी तुम्ही सैनिकाचा फोटो फ्लेक्सवर लावून शेजारी हात जोडून उभे राहिलात, तर शिरूरच्या एसटी स्टँडसमोर आणि दौंड स्टेशनबाहेर दोन फलक लागतील. नगरपरिषदेची रीतसर परवानगी घेऊन, पैसे भरून. पांढऱ्यावर काळी अक्षरं, 54 नावं, फोटो कुणाचाच नाही. खाली तुमचं नाव, तुम्ही सत्तेत असलेली वर्षं, आणि त्या वर्षांत या विषयावर तुम्ही विचारलेले प्रश्न. संसदेची आणि विधिमंडळाची कागदपत्रं सगळ्यांना खुली आहेत, मोजायला मला वेळ लागणार नाही. आकडा शून्य असेल तर शून्य लिहीन. परवानगी नाकारलीत तर माझ्या घराची भिंत रस्त्याला लागून आहे.

निवडणुकीच्या सभेत हाच प्रश्न पुन्हा विचारला जाईल, माईक बंद केलात तरी. मागच्या रांगेतून ओरडून विचारता येतो.

उत्तर लेखी हवं, सहीनिशी. फोनवरचं 'बघतो' आणि स्वीय सहायकाचं 'साहेबांच्या कानावर घातलंय' उत्तर म्हणून धरलं जाणार नाही.